तिरिडाच्या पागेतली गव्हाण

मित्रांनो, मी एक जुनी काशाची गव्हाण आहे. ग्रीसच्या उत्तरेला, थ्रेसच्या किनाऱ्यावर, समुद्राला जोडलेल्या खाऱ्या सरोवराकाठी तिरिडा नावाचे गाव होते. तिथल्या पागेत माझे आयुष्य गेले. आमच्या घोड्या फार तापट, म्हणून माझ्या काठाला लोखंडी साखळ्या जोडलेल्या होत्या. पण माझ्या पोटात जव आणि भुसा याखेरीज कधी काही पडले नाही.

समुद्रापलीकडचे ग्रीक मात्र वेगळेच सांगत. म्हणे, तिरिडाचा राजा डायोमिडीस परक्या माणसांना घोड्यांपुढे टाकत असे. शेवटी हेराक्लिस नावाच्या वीराने त्या राजालाच त्यांच्यापुढे टाकले. हे ऐकून गावातली माणसे हसत. मला हसू येत नसे.

एका सकाळी वादळात ग्रीकांचे गलबत फुटले. वाचलेल्या फिलिस्कोस नावाच्या खलाशाला आमच्या पागेची देखभाल करणाऱ्या डिझासने पाठीवर घालून पागेत आणले, कारण ऊब तिथेच होती. त्याला गवतावर निजवून डिझास कोरडे कपडे आणायला गेला. डिझासची बायको पिरुला अडलेल्या घोडीपाशी झटत होती. इतक्यात फिलिस्कोसने डोळे उघडले. समोर साखळ्या, मी, आणि कोपरापर्यंत रक्ताने माखलेली पिरुला! त्याने भिंतीवरचा विळा ओढला आणि थेट तिच्या गळ्याला लावला.

"मला टाकणार यांच्यापुढे?" तो आमच्या भाषेत मोडकेतोडके ओरडला.

दारात डिझास आला. त्याने धनुष्य ताणले. "सोड तिला!"

"अहो, ते खाली ठेवा आधी," पिरुला म्हणाली. "तुमचा नेम मला ठाऊक आहे. माराल याला आणि लागेल घोडीला." मग मान न हलवता ती फिलिस्कोसला म्हणाली, "आणि तू रे बाबा, गळा मागाहून काप. शिंगराचा पाय अडकलाय, माझ्या हातात जोर उरला नाही. आधी ओढू लाग."

घोडी कण्हली, तशा माझ्या साखळ्या खणखणल्या.

फिलिस्कोसने विळा टाकला आणि गुडघे टेकले. दोघांनी मिळून ओढले. ओले शिंगरू गवतावर पडले, निपचित. पिरुलाने त्याच्या नाकपुड्या पुसल्या, छाती चोळली. पुन्हा चोळली. अखेर ते शिंकले!

मग पिरुलाने माझ्यातले मूठभर जव उचलून थोडे स्वतःच्या तोंडात टाकले आणि उरलेले फिलिस्कोसपुढे धरले. "हे खातात आमच्या घोड्या. माणूस परवडत नाही."

जव चावता चावता तो रडू लागला.

पुढच्या वर्षी तो पुन्हा आला तो खिन्न होऊन. "सगळीकडे खरं सांगितलं, वहिनी. कुणी ऐकतच नाही. म्हणतात, जवाचं राहू दे, ती माणसं खाणाऱ्या घोड्यांची सांग."

कालांतराने सरोवर गाळाने भरले, गलबते येईनाशी झाली. माणसे घोड्या घेऊन दूर गेली. मी जड, म्हणून मागे राहिले आणि मातीखाली गेले. तिरिडा नेमके कुठे होते, हे आज कुणी सांगू शकत नाही. त्या घोड्यांची गोष्ट मात्र दूरदूरच्या लोकांना पाठ आहे.

मित्रांनो, कुणाच्या घराबद्दल असे काही कानावर आले, तर ते पुढे सांगण्याआधी एकदा आत जा आणि गव्हाणीत हात घालून पाहा.