भुजंगनाथाचा खडा

उंद्रीच्या बाजारात त्या दिवशी भाजीच्या दुकानांपुढे चिटपाखरू नव्हतं. सारा गाव पिंपळाखाली भुजंगनाथ महाराजांभोवती लोटला होता. महाराजांच्या तळहातावर बोराएवढा काळा खडा होता आणि तोंडी अवघ्या जगाचा इतिहास. मोहेंजोदडोच्या राजवैद्याने हा खडा नागाच्या मस्तकातून काढला, इजिप्तच्या राजाने गुडघे टेकून मागून नेला, ग्रीकांनी चोरला, इंग्रजांनी त्यावर सगळं डॉक्टरीशास्त्र उभं केलं आणि शेवटी हिमालयातल्या गुरूंनी तो महाराजांच्या हवाली केला. पाच हजार वर्षं वणवण करून हा खडा उंद्रीच्या बाजारात का आला, हे कोणी विचारलं नाही.

नीरजा मॅडम गर्दीच्या कडेला उभ्या होत्या. त्या गावातल्या शाळेत इतिहास शिकवत. शिकत असताना त्यांनी उत्खननावरही काम केलं होतं. मोहेंजोदडोची लिपी अजून जगात कोणाला वाचता आलेली नाही, आणि या माणसाला तिथल्या राजवैद्याची पदवीसुद्धा ठाऊक होती. मॅडम कपाळाला आठ्या घालून निघणारच होत्या, तेवढ्यात उकंडराव बायकोला मोटरसायकलवर घेऊन आला.

वांगी तोडताना अन्नपूर्णाबाईच्या पायाला घोणस चावली होती. महाराजांनी दंशावर ब्लेडने चीर दिली आणि रक्तावर खडा दाबला. खडा चिकटला. लोकांनी हात जोडले. थोड्या वेळाने खडा गळून पडला, तो महाराजांनी दुधाच्या वाटीत टाकला आणि दुधात बुडबुडे उठले.

"देखो, जहर निकल रहा है," महाराज म्हणाले. "बाई वाचली. आता सुई टोचाल तर खड्याचं तेज जाईल."

मॅडमचं लक्ष वाटीकडे नव्हतं, पायाकडे होतं. सूज घोट्यावरून पोटरीकडे चढत होती आणि चिरेतलं रक्त थांबत नव्हतं. घाण रक्त वाहून जातंय, असं महाराजांनी सांगून टाकलं. अन्नपूर्णाबाई हळूच म्हणाली, "मले गरगरून राह्यलं."

मॅडमनी उकंडरावला लगेच चिखलीला दवाखान्यात न्यायला सांगितलं. तो जागचा हलेना.

"खडा चिकटला न, मॅडम. म्या डोळ्यानं पायलं. आता सुई टोचली अन् सारं उलटलं, तं कोणाले इचारू?"

वाद घालायला वेळ नव्हता. याने डोळ्यांनी पाहिलं होतं, तर डोळ्यांनाच दुसरं काही दाखवायला हवं होतं. उत्खननात सापडलेला तुकडा हाडाचा की दगडाचा हे कळेना, तर तो जिभेला लावून पाहत. हाड चिकटतं, कारण ते बारीक छिद्रांनी भरलेलं असतं. हा काळा खडा म्हणजे जाळलेल्या हाडाचा तुकडा, हे मॅडमनी ओळखलं.

शेजारीच कडूबा कुंभाराचं दुकान होतं. तिथून मॅडमनी फुटक्या माठाची नखाएवढी कोरडी खापरी उचलली. पदराच्या पिनेने स्वतःचं बोट टोचलं, रक्तावर खापरी दाबून धरली आणि हात सगळ्यांसमोर उलटा केला. खापरी लटकून राहिली. मग त्यांनी ती दुधात टाकली. तसेच बुडबुडे उठले.

"उकंडराव, माझ्या बोटाला कोणता साप चावला?"

महाराज हिंदीत शापवाणी बोलू लागले.

"ही खापरी इजिप्तच्या राजाने नेली नव्हती," मॅडम म्हणाल्या. "कडूबाच्या भट्टीतली आहे. हिला छिद्रं आहेत, ती रक्त पितात म्हणून ही चिकटते. दुधात पडली की छिद्रांतली हवा बाहेर येते. विष तुमच्या बायकोच्या अंगात आहे, वाटीत नाही."

उकंडरावने एकदा वाटीकडे पाहिलं, एकदा बायकोच्या पायाकडे. मग तिला उचललं आणि गर्दीतल्याच अविनाशच्या जीपमध्ये घातलं. मॅडमही बसल्या. वाटेतच अन्नपूर्णाबाईच्या हिरड्यांतून रक्त येऊ लागलं. उकंडराव स्वतःच्या तोंडात मारून घेऊ लागला, तेव्हा मॅडमनी त्याचा हात धरला.

चिखलीला सलाइनमधून औषध सुरू झालं. आणखी उशीर झाला असता तर मूत्रपिंडं गेली असती, असं डॉक्टर शैलजा यांनी सांगितलं. महाराजांकडे बरे झालेल्यांचे दाखले उकंडरावने दिले, तेव्हा त्या म्हणाल्या की गावात चावणारे बहुतेक साप बिनविषारीच असतात. ते चावलेली माणसं तशीही वाचतात, श्रेय खडा खातो. मेलेली माणसं मात्र सांगायला येत नाहीत.

बायको उठून बसली तेव्हा उकंडरावने विचारलं, "बाटलीत काय होतं, मॅडम?"

मॅडमनी सांगितलं. घोड्याला थोडं थोडं विष टोचतात, त्याच्या रक्तात उतारा तयार होतो. ही युक्ती शंभरावर वर्षांपूर्वी फ्रान्समध्ये निघाली. तिच्यासाठी लागणारं विष काढायला साप मात्र आपल्याकडचेच, आपलेच लोक धरतात, आणि औषध इथेच बनतं. आपल्या सुश्रुतानेही शिष्यांना बजावलं होतं की नुसतं पाठ करू नका, देह उघडून डोळ्यांनी पाहा.

"म्हंजे हे एकट्या कोणाचं नाई."

"नाही. प्रत्येकाने आधीच्याचं तपासून पाहिलं, चुकलेलं टाकून दिलं. म्हणून ही वाचली."

भुजंगनाथ मात्र तपासू देत नव्हता. त्याचं सगळं शास्त्र गुरूंच्या नावाखाली झाकलेलं होतं, आणि एका फुटक्या खापरीने ते उघडं पडलं. पुरातन म्हणून काही खरं ठरत नाही, परदेशी म्हणूनही नाही. तपासलं की कळतं. तेव्हा कोणी चमत्कार दाखवला तर हात जोडण्याआधी तोच प्रकार आपल्या हाताने करून पाहा. आणि साप चावलाच, तर महाराज शोधू नका. गाडी शोधा.