तिरक्या खिडकीचा पडदा

तिची थोरली जाऊ स्टुलावर चढली आणि सोबत आणलेल्या पडद्याची दांडी खिडकीवरच्या हुकांत अडकवून मोकळी झाली.

"शिवणाच्या खोलीला पडदा कशाला, ताई? मला उजेड लागतो," ती खालून म्हणाली.

"अगं, चार दिवस आहोत तर उन्हानं डोकं तरी तापायला नको. तुझ्या दिराचं आधीच तापट आहे."

बाहेरच्या खोलीत दीर स्वतःच हसला.

सकाळी हे दोघं तीन बॅगा आणि एक गादी घेऊन दारात उभे राहिले, तेव्हा तिचा नवरा केवढा चकित झाला होता. "दादा? कळवायचं तरी!" चार दिवसांसाठी कुणी गादी आणतं का, हे तिनं ओठांवर आलेलं गिळलं. पाहुण्यांना तोंडावर विचारायचं नसतं, असं तिला शिकवलेलं. न विचारता घुसायचं नसतं, हे त्यांना कुणी शिकवलेलं नव्हतं.

अकरा वर्षं ती या खोलीत शाळेचे गणवेश शिवत होती. अख्ख्या घरात तेवढीच जागा तिची.

जाऊ चहाला गेली. ती खोलीत एकटी उरली; तिनं पडद्याची खालची कड हातात घेतली, सवयीनं. कड चौकटीला दोन्ही टोकांना अगदी बरोबर टेकत होती.

ती थांबली. या खिडकीची चौकट गवंड्यानं तिरकी बसवली होती; डावीकडे दीड इंच खाली. तिचा स्वतःचा पहिला पडदा त्यापायी वाया गेला होता. तिनं कड उलटून पाहिली. मुद्दाम तिरकी कापून शिवलेली. खिडकी नेहमी दोन्ही बाजूंनी मोजायची, हे तिनंच लग्नानंतर नवऱ्याला शिकवलं होतं.

नवरा आत आला, आपण त्या गावचेच नाही असा चेहरा करून.

"काढ गं चार दिवस. मला तरी कुठे ठाऊक होतं?"

"माप छान घेतलंत," ती म्हणाली. "दोन्ही बाजूंनी."

त्यानं पडद्याकडे पाहिलं, मग फरशीकडे.

"दादाचं भाड्याचं घर सुटलं. तुला विचारलं असतं तर तू नाही म्हणाली असतीस."

"म्हणून विचारलं नाहीत."

तो वाकला आणि त्यानं शिवणयंत्राची एक बाजू खालून धरली.

"गॅलरीत मावतं हे. मोजलंय मी. दुसरी बाजू धर."

ती खुर्चीत बसली. एकच बाही जोडलेला गणवेश सुईखाली सरकवला आणि पायडल दाबलं. यंत्र धडधडू लागलं. नवऱ्याचे हात अजून यंत्राखालीच होते.