मलकपेठच्या खलातली पल्लीची चटणी

मित्रांनो, मी एक जुना दगडी खल आहे. पाथरवटाने मला काळ्या दगडातून घडवले आणि मलकपेठच्या बाजारातून विमलाबाईंनी मला घरी आणले. त्यांचा संसार तेव्हा नवा होता. शेंगदाण्यांना आमच्या हैदराबादेत पल्ली म्हणतात. भाजलेली पल्ली, हिरव्या मिरच्या, लसूण आणि चिंच माझ्या पोटात वाटून त्या झणझणीत पातळ चटणी करत. त्यांचे यजमान संभाजीराव तिच्यात इडली बुडवून खात आणि मान डोलावत. पुढे मिक्सर आला. मी बाल्कनीत गेलो आणि माझ्यात कपड्यांचे चिमटे पडू लागले.

गेल्या महिन्यात संभाजीराव वारले. विमलाबाई रडल्या नाहीत. त्यांनी फक्त अन्न सोडले. सून माधवी पेजेची वाटी घेऊन जाई आणि दोन घोट सोडता भरलेलीच परत आणी. आज सकाळी त्या न्हाणीघराच्या दारात कोसळल्या. डॉक्टर म्हणाले, "आज पोटात काही गेलं नाही, तर ॲडमिट करावं लागेल."

मुलगा प्रबुद्ध धावत बाल्कनीत आला. त्याने चिमटे ओतून टाकले, मला घासून धुतले आणि आईच्या खाटेशी आणून ठेवले. बाबांना आवडणारी ती चटणी त्याने जन्मात केली नव्हती. पहिले दाणे करपले. दुसरे भाजले, तेव्हा मिरच्यांचा अंदाज येईना. त्याने मूठभर टाकल्या. बत्ता माझ्या काठावर आदळत होता. मला काहीच करता येत नव्हते.

"आई, एक बोट चाख."

"नक्को रे. त्यांच्या माघारी घास उतरत नाही."

"बाबा गेले. आता तूपण चाललीस का गं?"

त्याने बोटभर चटणी तिच्या ओठांना लावली. विमलाबाईंना जोराचा ठसका लागला.

"केवढं तिखट केलंस रे!"

त्यांच्या डोळ्यांतून पाणी आले. ते पुसले, तरी थांबेना. मग त्या "अहो..." म्हणून मोठ्याने रडू लागल्या. महिनाभर दाबलेले सगळे बाहेर आले. माधवीने त्यांना पोटाशी धरले. बऱ्याच वेळाने तिने इडलीचा तुकडा चटणीत बुडवून पुढे केला. विमलाबाईंनी तो हळूहळू चावला आणि गिळला.

मित्रांनो, मला उद्या पुन्हा बाल्कनीत ठेवले तरी चालेल. पण घरातले कोणी जेवायचे थांबले, तर ताट ठेवून निघून जाऊ नका. त्यांच्याजवळ बसा.