तिसऱ्या अंकावर कधीच न पडलेला पडदा

मित्रांनो, मी एक जुना पडदा आहे. खरं म्हणजे पडद्याचा तुकडा. दोन हात लांब, दोन हात रुंद, रंग पूर्वी तांबडा, आता विचारू नका. बोरिवलीच्या एका वाचनालयात काचेच्या कपाटात, वरून दुसऱ्या फळीवर मी राहतो. माझ्या पोटात सहाशे चाळीस हस्तलिखित पानं आहेत. ती मी वाचलेली नाहीत. कापडाला वाचता येत नाही, आणि आलं असतं तरी आत उजेड नाही.

माझा जन्म मनोरीचा. तेव्हा मी पडदा नव्हतो, होडीचं शीड होतो. दशरथ नावाच्या कोळ्यानं आणि त्याच्या दोन भावांनी मला वाळूवर पसरून अकरा दिवस शिवलं. खाऱ्या हवेत कुजू नये म्हणून झाडाच्या सालीच्या तांबड्या पाण्यात बुडवून वाळवलं. मग सोळा वर्षं मी दर्यावर नोकरी केली. काम सोपं होतं. वारा आला की फुगायचं, गेला की लोंबायचं. पुढे नाटकवाल्यांत गेल्यावर कळलं, तिथंही पुष्कळ जण एवढंच करतात.

आमच्या गावात शिडाला एक भाषा असते. शीड डोलकाठीच्या मध्यावर अडकलेलं दिसलं की अर्थ एकच: आमचा माणूस पाण्यात गेला, हातातलं टाका आणि या. असं शीड दिसलं की कुणी काही विचारत नाही. आधी होडी ढकलायची, मग विचारायचं. आणि ज्या शिडानं खोटी हाक मारली, ते पुन्हा कधी चढवायचं नाही, हाही नियम. सोळा वर्षांत मी तीनदा खरी हाक मारली. दोन माणसं मिळाली.

दशरथचा मुलगा महादू. शाळा दुसरीपर्यंत. मार्वेच्या तरीवर तो वल्हं मारायचा. मनोरीला हवा खायला येणाऱ्या शहरी मंडळींच्या बंगल्याबाहेर त्याला एक जाडजूड पुस्तक पडलेलं सापडलं. ज्ञानकोशाचा एकच खंड, ‘प’पासून ‘ब’पर्यंत. अक्षर अक्षर लावत त्यानं तो चार वर्षांत संपवला. त्यामुळे ‘प’ ते ‘ब’मधलं महादूला सगळं येत होतं. फ्रान्सची राज्यक्रांती तारीखवार पाठ. रशियाची फक्त ऐकून माहीत. बाकी जगाबद्दल तो अंदाजानं बोलायचा आणि तो अंदाज बहुतेक बरोबर निघायचा, त्यामुळे लोकांना त्याचा राग यायचा.

मग त्यानं लिहायला घेतलं. आधी कादंबरी. ती एका छापखान्यानं छापली, पण बांधणाऱ्यानं शेवटची सोळा पानं चुकून लोणच्यांच्या पुस्तकाची लावली. नायक फाशीच्या तख्ताकडे चालू लागतो आणि पान उलटल्यावर कैऱ्यांच्या फोडींना मीठ लावून ठेवतो. कुणीही तक्रार केली नाही. अंधेरीच्या एका बाईंनी तर पत्रानं कळवलं, शेवट फार आवडला.

त्यानंतर महादू म्हणाला, पुस्तक नको. नाटक. नाटकाचा शेवट मी डोळ्यांसमोर करून घेईन.

चौसष्ट साली दशरथनं होडीला इंजिन बसवलं. मी एका दिवसात बेकार झालो.

“ह्या शिडाला आता काय चाटू?” दशरथ महादूला म्हणाला. “घे. लाव तुज्या नाटकाला.”

“बाबा, नाटक तुमच्यावरच हाय.”

“मंग तर घेच. मना बगायला नको.”

असा मी पडदा झालो. नाटकाचं नाव ‘ओहोटीचा कायदा’. अंक तीन. गावची मासळी पाण्यातून वर येण्याआधीच दुसऱ्याची कशी होते, हे पहिल्या अंकात. ती कोण नेतं, हे दुसऱ्यात. आणि आपण करायचं काय, हे तिसऱ्यात. महादूचं सगळं आयुष्य त्या तिसऱ्या अंकात होतं. पहिले दोन तो झोपेतही बदलायचा, तिसऱ्याला हात लावू द्यायचा नाही. “एकदा,” तो बायकोला, मथुराला म्हणायचा, “फक्त एकदा आपल्या मानसांनी बसून तिसरा अंक बगावा. मंग मी मेलो तरी चालंल.”

“अवो, आदी बाजाराची टोपली उचलू लागा,” मथुरा म्हणायची. “मंग मरा.”

तुम्ही विचाराल, तिसऱ्या अंकात होतं काय? मित्रांनो, मला माहीत नाही. तालमीला पडदा लावत नाहीत. नटांना तरी माहीत असेल म्हणावं, तर महादू प्रत्येकाला फक्त त्याच्याच ओळी लिहून द्यायचा आणि त्या अंकाची तालीमही एकेकट्याची घ्यायचा, आधीच बाहेर फुटू नये म्हणून. लहू नावाचा नट माझी दोरीही ओढायचा. तिसऱ्या अंकात त्याचं एकच वाक्य होतं: “मग उचला की!” काय उचलायचं, हे त्याला कुणी सांगितलं नव्हतं. तो मात्र तेरा वर्षं ते वाक्य फार जोरात पाठ करत होता.

पहिला प्रयोग गावातच झाला. दुसरा अंक संपला, मी पडलो आणि भरती आली. प्रेक्षक उठले नि होड्यांकडे गेले. त्यात कुणाचा दोष नव्हता. भरती नाटकासाठी थांबत नाही. दुसऱ्या दिवशी सगळे परत आले, पण काल न आलेले पाहुणेही आले आणि म्हणाले, पहिल्यापासून दाखवा. पहिल्यापासून दाखवलं. पुन्हा भरती आली.

मग एकाहत्तर साली अंधेरीला स्पर्धा. तिथं वेळ ठरलेली. तिसऱ्या अंकाची घंटा आणि वेळ संपल्याची घंटा एकदमच वाजली. निकालात महादूला काही नाही, मला मात्र बक्षीस मिळालं. नेपथ्याचं, तिसरं. परीक्षक म्हणाले, पडद्याला अस्सल खारट वास आहे. माझी स्तुती झाली ती तेवढीच, आणि मला आवडली, खोटं कशाला बोलू? महादू त्या दिवशी माझ्याशी काही बोलला नाही. तसा तो एरवीही बोलत नसे, पण त्या दिवशी ते जाणवलं.

पंचाहत्तरनंतर प्रयोगाआधी संहिता दाखवावी लागे. एका कचेरीनं दोन अंकांना परवानगी दिली. तिसरा ज्या साहेबांकडे होता ते रजेवर होते. महादू आठ वेळा खेटे घालून आला. आठव्या वेळी कळलं की साहेब निवृत्त झाले आणि रजा मात्र चालू आहे.

या सगळ्यात महादूची छाती गेली. दमा. दोन वाक्यांमध्ये तो नाटकातल्यासारखा थांबायचा, पण ते नाटक नव्हतं. तरीवरचं काम सुटलं. घर मथुराच्या टोपलीवर चालू लागलं. अखेर सत्त्याहत्तरच्या हिवाळ्यात त्यानं ठरवलं, आता एकच प्रयोग, आपल्याच किनाऱ्यावर. भरती-ओहोटीचा तक्ता पाहून त्यानं दिवस निवडला. ओहोटीला सुरुवात, दुपारी तीनची वेळ. घड्याळ लावून स्पर्धा नव्हती. परवानगीची सक्तीही सैलावली होती. गावची तीनशे बारा माणसं वाळूवर बसली. बोरिवलीच्या वाचनालयाचे चिटणीस मार्तंडराव पाहुणे म्हणून आले होते. त्यांना गावातली एकमेव खुर्ची दिली होती.

पहिला अंक झाला. लोक हसले, मग गप्प झाले. दुसरा झाला. म्हातारी अंजनाबाई पुढेच बसली होती, ती मोठ्यानं म्हणाली, “आता सांग रं महादू, करायचा काय?” मंचामागे महादूनं डोळे मिटले. तेरा वर्षांत हा प्रश्न पहिल्यांदाच कुणी विचारला होता.

लहूनं दोरी सोडली. मी खाली यायला लागलो आणि मध्यावर अडकलो.

“महादूदादा, कप्पी धरली!”

“खेच!”

“खेचतोय रे! हलत नाय!”

मी तिथं लोंबत होतो. होडीच्याच दोन डोलकाठ्यांमध्ये, मागे उघडा दर्या, आणि मी अर्ध्यावर. समोर तीनशे बारा कोळी.

आधी अंजनाबाई उठली. “आपला मानूस गेला!” ती ओरडली. आणि मित्रांनो, सगळं गाव एका दमात उठलं. कुणी कुणाला विचारलं नाही. बायका, म्हातारे, दोन अंक हसणारे, दोन अंक झोपलेले, सगळे पाण्याकडे धावले. नऊ होड्या एका वेळी ढकलल्या गेल्या.

महादू मंचावरून खाली उडी मारून त्यांच्यामागे पळाला. “अरे नाटक हाय! कोनी नाय गेला! बसा! तिसरा अंक—” आणि धाप लागली म्हणून तो थांबला, मागे वळला. तेव्हा त्याला मी दिसलो. आभाळावर अर्धं उतरलेलं शीड. कप्पी अडकली आहे हे त्याला पक्कं ठाऊक होतं. लहूला ‘खेच’ तोच म्हणाला होता. तरीही त्याचे पाय वळले. तोही पाण्यात घुसला, कमरेपर्यंत, आणि दहावी होडी ढकलू लागला.

महादूनं तेरा वर्षं एकच नाटक पुन्हा पुन्हा लिहिलं, ही माणसं एकदा एकजुटीनं उठावीत म्हणून. ती उठली. माझी दोरी अडकली म्हणून.

दोन तास शोध चालला. मग वाळूवर प्रेक्षकांची मोजणी. तीनशे बारा असायला हवे होते, तीनशे तेरा भरले. एक माणूस वाढलाच कसा, यावर बरीच भीती पसरली. शेवटी कळलं, तीनशे तेरावे मार्तंडराव. ते खुर्चीवरून हललेच नव्हते. शिडाची भाषा त्यांना येत नव्हती. डोळ्यांत पाणी आणून ते टाळ्या वाजवत होते.

“महादूराव,” ते म्हणाले, “असा तिसरा अंक मी जन्मात पाहिला नाही. प्रेक्षकच नट! काय कल्पना आहे!”

महादू ओल्या कपड्यांनी उभा होता. “सायेब, तो तिसरा अंक नव्हता.”

“विनय,” मार्तंडराव म्हणाले, आणि त्यांनी तो शब्दही वहीत लिहून घेतला.

पंच भाऊराव माझ्याखाली येऊन उभे राहिले. “खोटी हाक मारलेला शीड परत चढत नाय, महादू. कापायला लागंल.”

“कापा, भाऊरावकाका. पन आदी अर्दा तास द्या. पडद्याबिगर करतो.”

भाऊरावांनी गावाकडे पाहिलं. गाव थरथरत होतं. “सगली भिजलीत रं. उद्या बगू.”

उद्या महादूला ताप होता. परवाही होता.

मला कापलं. घरोघर एकेक तुकडा गेला. कुणी मासळीचा बर्फ झाकला, कुणी खिडकी. हा तुकडा मथुरानं मागून घेतला. महादू त्यानंतर पाच महिने जगला आणि अंथरुणात बसून त्यानं आपल्या आठवणी लिहिल्या. सहाशे पानं आयुष्य, आणि शेवटची चाळीस पानं तिसरा अंक, पहिल्या वाक्यापासून पूर्ण, सगळ्यांच्या ओळींसकट. “करून दाखवता नाय आलं,” तो मथुराला म्हणाला, “निदान कोनी वाचंल.” तो गेल्यावर तिनं पानं माझ्यात गुंडाळली, जाळ्याच्या दोरीनं होडीची गाठ मारली आणि गठ्ठा मार्तंडरावांच्या हाती दिला, छापायला.

मार्तंडरावांचा लेख तोवर छापून आला होता, ‘मी तिसरा अंक पाहिला’ या नावानं. तो फार गाजला. वाचनालयाच्या समितीनं गठ्ठा सोडायचा प्रयत्न केला. सात सभासदांनी ओढला. चुकीचं टोक ओढलं की ती गाठ आवळत जाते, म्हणून ती दगडासारखी झाली. एक जण म्हणाला, कापू या. बाकीचे खवळले. अस्सल कोळी गाठ आहे, ठेवा आहे, कापायची कशी? शेवटी ठराव झाला: गठ्ठा आहे तसाच जपावा. आणि घाई कसली? तिसरा अंक तर चिटणिसांनी पाहिलेलाच आहे.

मथुराला तसं पत्र गेलं. तिला वाचता येत नाही. पण कुणाकडून तरी ऐकून ती एकदा बाजारातून थेट इथं आली. मी काचेतून पाहत होतो. दारातल्या रखवालदारानं हात आडवा धरला.

“बाई, टोपली बाहेर ठेवा. आत वास चालत नाही.”

“बाहेर ठेवू? मांजर काय तुजा बाप हाकलंल?”

“नियम आहे.”

“माज्या नवऱ्याचा गठ्ठा हाय आत. गाठ सोडून देते नि जाते. एक झटका.”

“मग टोपली ठेवा ना.”

तिच्यापासून मी वीस पावलांवर होतो. तिनं दारातूनच एकदा आत पाहिलं. मग टोपली डोक्यावर नीट केली आणि गेली.

मित्रांनो, आमच्यासारख्या जुन्या वस्तू आपली गोष्ट सांगून झाली की म्हणतात, आम्हाला जपा. मी तसं म्हणणार नाही. मला पुष्कळ जपलं. काच रोज पुसतात. दर महिन्याला कुणीतरी पाहुणा येतो आणि मान हलवतो. एवढं जपलेलं कापड आणि एवढा न वाचलेला माणूस या उपनगरात दुसरा नसेल.

तुम्ही इथं गोष्टींची पुस्तकं न्यायला येणारी मुलं, लहान आहात, तुम्हाला ठेवा वगैरे कळत नसेल, तेच बरं. कपाटाची किल्ली चिटणिसांच्या टेबलाच्या डाव्या खणात असते. गाठीला दोन टोकं आहेत. लांब टोक सगळे ओढतात. ते सोडा. घडीखाली दडलेलं आखूड टोक आहे, ते धरा आणि एकच हिसका द्या. मी सुटेन. मी खाली पडलो, फाटलो, कुणी पाय पुसले तरी चालेल. पानं घ्या. शेवटून चाळीस. मोठ्यानं वाचा, जमलं तर सगळ्यांनी मिळून. लहूचं वाक्य आलं की जरा जोरात.

आणि हे याच आठवड्यात करा. कपाटामागच्या भिंतीला ओल आली आहे. ती मला आतून कळते. शाई पसरायला लागली आहे, आणि ओल शेवटच्या पानापासून वर चढते आहे.