बाहेरून आणलेले टायर

पत्र येऊन आठ महिने झाले होते, आणि दादांनी त्याचं उत्तर सात वेळा लिहिलं होतं. पोस्टात मात्र एकदाही पडलं नव्हतं.

दादांचा जन्म छापखान्यात मुद्रितं तपासण्यात गेला. दुसऱ्यांच्या चुका काढता काढता स्वतःचं एक धड वाक्य लिहायची छातीच उरली नाही. सुरुवातीला ‘प्रिय’ लिहिलं तर सख्ख्या भावाला परक्यासारखं वाटतं, नाही लिहिलं तर दरडावल्यासारखं दिसतं, यातच पहिले तीन खर्डे गेले. चौथ्यात आभार फार झाले. पाचव्यात अजिबात नव्हते. सहावा आणि सातवा बायकोने वाचले आणि ती म्हणाली, “पहिल्यात आणि ह्यात फरक काय? अक्षर तेवढं बिघडलंय.”

धाकट्याचं पत्र होतं जेमतेम सात ओळींचं. “दादा, दुकान बंद केलं तेव्हाच्या उरलेल्या मालात तुझ्या गाडीच्या मापाचे चार टायर निघाले. ट्रान्सपोर्टने पाठवतोय. तिकडच्या कुठल्याही दुकानात बसवून घे. मजुरी मागतील ती दे, लाजू नकोस. गाडीवरचे आता झिजले असतील. ते कधी बसवले ते मला ठाऊक आहे, मीच बसवलेत. मग गाडी घेऊन एकदा ये. फोनवर मला आता काही ऐकू येत नाही, तेव्हा काय ते लिहून कळव.”

‘मीच बसवलेत’ या दोन शब्दांशी दादा अडायचे.

सात वर्षांपूर्वीची गोष्ट. धाकट्याचं तेव्हा टायरचं चांगलं चालतं दुकान होतं, तीन तासांच्या अंतरावर. दादांना टायर घ्यायचे होते. आता धाकट्याकडे घ्यायचे म्हणजे तो पैसे घेणार नाही, घेतले तर खरेदीच्या भावाने घेईल, आणि आपल्यापायी त्याला खोट बसेल. या विचाराने दादांची दोन रात्री झोप उडाली. शेवटी त्यांनी आपल्याच गावात एका गोदामातून चार टायर आणले. तिथले लोक नुसते विकायचे, बसवून देत नसत. मग दादांना वाटलं, निदान बसवायचं काम तरी धाकट्याला द्यावं, आणि रोख द्यावं. चारही टायर गाडीत कोंबून ते हसतमुखाने भावाच्या दुकानात जाऊन उभे राहिले.

दुकानात दोन गिऱ्हाइकं बसलेली. धाकट्याने टायर पाहिले, दादांकडे पाहिलं आणि कामाच्या माणसाला बाजूला सारून स्वतः मशीनवर उभा राहिला. चारही चाकं त्याने एकामागून एक केली. मग पावती फाडली. बसवणावळ, व्हॉल्व्ह, बॅलन्सिंग, सगळं परक्या गिऱ्हाइकाच्या दराने. खाली स्वच्छ अक्षरात लिहिलं होतं : माल बाहेरचा.

दादांनी पैसे मोजून दिले. एवढ्यावर थांबले असते तरी चाललं असतं. पण त्यांच्या तोंडून सवयीने “धन्यवाद” निघून गेलं. दुपारी दोघे भाऊ समोरासमोर जेवले आणि कोणी मीठसुद्धा मागितलं नाही. त्यानंतर येणंजाणं थांबलं. कोणी थांबवलं नाही, ते आपोआपच थांबलं.

आणि आता पाठवलेले चार टायर तपकिरी कागदात गुंडाळलेले, जिन्याखाली एकावर एक रचून ठेवलेले होते. दादांनी कागदही सोडला नव्हता. दुसरीकडचा माल घेऊन एखाद्या दुकानात जायचं आणि वर त्यांनाच म्हणायचं, एवढं बसवून द्या! दादांना ते कोणाच्या घरी आपला डबा घेऊन जेवायला बसण्यासारखं वाटे. एकदा केलं होतं, त्याचं काय झालं ते पाहिलं होतं.

मंगळवारी सकाळी बायकोचा फोन वाजला. पलीकडे तिची जाऊ होती. बोलणं बराच वेळ चाललं, आणि बायकोचं नुसतं “हो का”, “अगंबाई”, “नाही गं, तसं नाही” ऐकू येत होतं. फोन ठेवून ती दादांच्या खुर्चीसमोर येऊन उभी राहिली.

“भाऊजी घर सोडतायत.”

“म्हणजे?”

“लेकीकडे कायमचे राहायला चाललेत. विमानाचं तिकीट झालंय, पुढच्या महिन्याच्या पाच तारखेचं. तिथे काही तुमची गाडी जायची नाही.”

दादांनी हातातलं पुस्तक मिटलं. खूण घालायची राहिली.

“आणि काय म्हणतात माहीत आहे? दादाने टायर परत पाठवले नाहीत, पण मिळाल्याचंही कळवलं नाही. म्हणजे राग अजून आहे, आता आपणहून काही बोलायचं नाही. रोज पोस्टमन गेला की दाराची पेटी उघडून बघतात म्हणे. आठ महिने, अहो.”

“मला कुठला राग? मला वाटलं त्यालाच...”

“हे मला सांगून काय उपयोग? मला तर ऐकू येतं.”

त्याच दुपारी दादांनी शेजाऱ्याच्या मुलीच्या मदतीने टायर गाडीत चढवले आणि जीव मुठीत धरून निघाले.

पहिलं दुकान काचेचं होतं. आत गारवा, बसायला सोफा, आणि काउंटरवर एक हसरी मुलगी.

“टायर कुठून घेतलेत, सर?”

“भावाकडून.”

“त्यांचं दुकान आहे का?”

“होतं.”

“मग सॉरी, सर. आम्ही फक्त आमच्याकडचेच बसवतो. ह्याच मापाचे आमचे दाखवू? बसवणावळ फ्री आहे, बॅलन्सिंगपण.”

दादा “छान आहे” म्हणाले, तिने दिलेली रंगीत पत्रकं घेतली आणि बाहेर आले.

दुसऱ्या दुकानातला माणूस तयार झाला. मात्र म्हणाला, “बसवतो. पण बाहेरचा माल आहे. उद्या काही झालं तर दुकान जबाबदार नाही, असं दोन ओळी लिहून द्या.” त्याने कागद आणि पेन पुढे केलं. दादांनी पेन हातात घेतलं. ‘जबाबदार’ म्हणावं की ‘उत्तरदायी’, आणि ‘काही झालं तर’ हे फार मोघम होत नाही का, असा विचार करत ते इतका वेळ उभे राहिले की मागचं गिऱ्हाईक खाकरलं. “विचार करून येतो,” म्हणाले आणि घरी आले.

बायकोने गाडीत तसेच पडलेले टायर पाहिले आणि सगळं ऐकून घेतलं.

“लिहूनच द्यायचं होतं ना? मग बरोबर आहे. तेच तर जमत नाही तुम्हाला.” गाडीचं मागचं दार लावत ती म्हणाली, “उद्या मी येते.”

तिसरं दुकान गावाबाहेर जाणाऱ्या रस्त्यावर, पत्र्याच्या शेडमध्ये होतं. मालकीण पन्नाशीची, निळ्या डगल्यातली, मनगटापर्यंत काळी झालेली. गाडीच्या मागच्या दारातून डोकावून तिने विचारलं, “बाहेरचे?”

“हो,” दादा म्हणाले. “चालणार नसेल तर राहू द्या.”

“न चालायला काय झालं? बोर्ड वाचा.”

वाचण्याचं काम असल्यामुळे दादांना जरा बरं वाटलं. बोर्डवर खडूने लिहिलं होतं : आमचे टायर, बसवणावळ नाही. बाहेरचे टायर, चाकामागे दोनशे. व्हॉल्व्ह वेगळे. बॅलन्सिंग वेगळं. जुने टायर टाकून जायचे असतील तर त्याचे वेगळे.

“शून्याचे एकदम दोनशे?” बायको म्हणाली. “आमचं काय चुकलं?”

“तुमचं काही नाही, ताई. दोनशे हीच खरी मजुरी आहे. आमचा टायर घेतला की त्यात चार पैसे सुटतात, म्हणून हात फुकट लावते. तुम्ही टायर दुसरीकडून आणला, मग माझ्याकडे नुसता हात उरला. आणि उद्या हवा गेली की विकणाऱ्याकडे कोणी जात नाही, माझ्याच दारात येऊन भांडतात.” ती हसली. “बरेच जण पाव्हणेमंडळीच असतात. टायर बाहेरून आणतात आणि म्हणतात, तुला त्रास नको म्हणून. अरे, त्रास कसला? तोच तर माझा धंदा.”

दादा बोर्डाकडे पाहत राहिले. खोट बसू नये म्हणून आपण धाकट्याकडून काही द्यायची संधीच काढून घेतली होती, आणि त्याच्या हाती नुसती मजुरी ठेवली होती. त्याने पावतीवर लिहिलं त्यात एक अक्षर चुकीचं नव्हतं.

“करा,” ते म्हणाले. “सगळं करा. जुने इथेच टाका.”

मालकिणीने गाडी जॅकवर घेतली आणि नव्या टायरांचा कागद सोडायला लागली.

“कुणी बांधलेत हे? दोरीची गाठ बघा. हा धंद्यातला माणूस.”

“भाऊ आहे माझा. दुकान होतं त्याचं. बंद करताना उरलेला माल होता, तो पाठवला.”

“कधी बंद केलं?”

“अडीच वर्षं झाली.”

ती थांबली. पहिला टायर तिने मांडीवर फिरवला, मग दुसरा. “मग हे ते नव्हेत.”

“म्हणजे?”

“हे इथे बघा. चार आकडे आहेत ना, चौकटीत? पहिले दोन आठवड्याचे, पुढचे दोन वर्षाचे. मागच्या वर्षातला एक्केचाळिसावा आठवडा. हे टायर कारखान्यातून निघाले तेव्हा तुमच्या भावाचं शटर पडून पावणेदोन वर्षं झाली होती.”

दादांनी चष्मा बदलला आणि गुडघे टेकून खाली बसले. एक्केचाळीस. दुसऱ्यावर एक्केचाळीस. तिसऱ्यावर आणि चौथ्यावरही तेच. आयुष्यभर छापलेलं वाचलं, आणि जिन्याखालचं हे आठ महिने कागदात राहिलं.

“चुकून छापलं गेलं असेल,” ते हळूच म्हणाले.

“चारही?” मालकीण म्हणाली. “विकत घेतलेत, काका. आणि दुकान नाही म्हणजे तुमच्या-आमच्यासारखे पूर्ण किमतीत.”

मग बायको म्हणाली, “भाऊजी कोणाच्या तरी काउंटरवर जाऊन टायर मागत होते.”

दादांना ते दिसायला लागलं. तीस वर्षं टायर विकलेला माणूस, दुसऱ्याच्या दुकानात, रांगेत. समोरचा काय विचारतोय ते ऐकू येत नाही. मोठ्याने माप सांगतोय, लोक वळून पाहतायत. दादाच्या गाडीचं माप, सात वर्षं तोंडपाठ. आणि मग घरी येऊन ‘उरलेला माल’ असं लिहितोय, कारण सरळ विकत घेऊन पाठवले तर दादा संकोचेल.

“एखादा कोरा कागद मिळेल का?” त्यांनी विचारलं.

मालकिणीने कोपरानेच टेबलाचा खण उघडला. “वहीतलं घ्या. पेन कानावर आहे माझ्या, काढा.”

दादांनी मोठ्या धीराने तिच्या कानावरचं पेन काढलं आणि जुन्या टायरांच्या चळतीवर वही ठेवून उभ्याउभ्याच लिहायला लागले. कॉम्प्रेसर धडधडत होता. पहिला जुना टायर रिममधून सुटून आपटला तरी त्यांनी वर पाहिलं नाही.

“धाकट्या, तुझे टायर आज बसतायत. मी शेडमध्ये उभा राहून लिहितोय. मजुरी बाहेरच्या दराने घेतायत आणि ती बरोबर आहे, हे मला आज कळलं. त्या वेळी मी टायर दुसरीकडून आणले, कारण मला वाटलं तुझं नुकसान होईल. तुझ्याकडून घ्यायला मी लाजलो. तुला ते कसं दिसलं असेल हे मला सुचलं नाही. राग कधीच नव्हता. आठ महिने उत्तर दिलं नाही ते चांगलं लिहिता येईना म्हणून, दुसरं कारण नाही. टायरवरची तारीख मी वाचली आहे. माझ्यापासून छापलेलं लपवायचं असेल तर खरवडून पाठवत जा. रविवारी सकाळी निघतो, दुपारपर्यंत पोचू. दोन दिवस राहू. सामान बांधायला मदत करीन, पुस्तकं मात्र मला बांधू दे. दादा.”

तोवर चौथं चाक बॅलन्सिंगच्या मशीनवर फिरून झालं होतं. मालकिणीने रिमच्या कडेला वजनाचा शेवटचा तुकडा ठोकला आणि गाडी खाली घेतली.

“काही कमी करा की,” बायको म्हणाली.

“नको,” दादा म्हणाले. “पुरते घ्या.” आणि खिशातून पाकीट काढताना त्यांना जाणवलं, की इतक्या खुशीने कोणाला पैसे दिल्याचं आपल्याला आठवत नाही.

“पन्नास किलोमीटर झाले की नट एकदा आवळून घ्या,” मालकीण म्हणाली. “लांब जायचंय का?”

“तीन तास.”

“मग वाटेत कुठेही. नट आवळायचे पैसे कोणी घेत नाही, टायर कुठलाही असो.”

पोस्ट चौकात होतं. बायको गाडीतून उतरून पाकीट आणि तिकीट घेऊन आली. दादांनी स्टिअरिंगवर टेकवून पत्ता लिहिला. तो मात्र त्यांनी दोनदा तपासला.

“आतलं एकदा वाचून बघणार नाही?” तिने विचारलं. “‘मला’ चारदा आलंय. मी वाचलं तुमच्या खांद्यावरून.”

“आलंय का?” दादांचा हात पाकिटाकडे गेला. ते अजून चिकटवलेलं नव्हतं.

बायकोने खिडकीबाहेर बोट दाखवलं. पोस्टाच्या भिंतीवरच्या पेटीशी एक माणूस किल्ल्यांचा जुडगा घेऊन येत होता.

“ही आजची शेवटची डाक ना?” दादांनी खिडकीतून विचारलं.

“शेवटची. आज पडलं तर परवा पोचेल. शुक्रवारी.”

दादांनी पाकीट जिभेला लावलं, दाबून बंद केलं, आणि गाडीचं दार उघडं टाकूनच चालत गेले. त्या माणसाने पेटी उघडून पिशवी पुढे धरली. “द्या इथेच,” तो म्हणाला. दादांनी पत्र पिशवीत टाकलं.