ग्रासियाच्या दगडावरचा हात

आमच्या ज्यू लोकांच्या प्रार्थनाघरात जमिनीवर वाळू पसरलेली आहे. बोटीवरून उतरलेला पाहुणा आत पाय टाकतो आणि पहिला प्रश्न विचारतो, वाळू का? इतकी वर्षं मी आमच्या बेटावर, विलेमस्टाडमध्ये पाहुण्यांना फिरवतेय, या प्रश्नाची माझ्याकडे मनाला येईल तशी उत्तरं आहेत. मन बरं असलं तर वाळवंटातली पायपीट सांगते. घाई असली तर पोर्तुगालात आमचे पूर्वज लपूनछपून प्रार्थना करायचे, पावलं वाजू नयेत म्हणून वाळू, असं सांगून मोकळी होते. आणि गुडघा ठणकत असला तर म्हणते, फरशी पुसायचा त्रास वाचतो.

त्या दिवशी गुडघा ठणकत होता. बोट उशिरा लागली होती, तिची परत सुटायची वेळ मात्र तीच होती, आणि व्हॅनचा एसी बिघडलाय हे आमच्या नॉर्बर्ट ड्रायव्हरनं मला सगळे चढून बसल्यावर सांगितलं. म्हटलं, झालं, दुष्काळात तेरावा महिना.

त्या घोळक्यात एक म्हातारा होता. पंचाऐंशीच्या घरातला, पांढरा शर्ट, हातात हॅट. वाळूबद्दल त्यानं चकार शब्द काढला नाही. मी बोलत होते तेवढा वेळ तो खांबापासून दारापर्यंत आणि दारापासून खांबापर्यंत येरझाऱ्या घालत होता. त्याच्याकडे बघूनच मला धाप लागली. शेवटी म्हटलं, आजोबा, बसा की जरा, बाकं बसायलाच ठेवलीत. तर तो जवळ आला आणि आमच्याच पापियामेंतूत, तेही माझी आजी बोलायची तसल्या जुन्या वळणाच्या बोलीत म्हणाला, "कबरस्तानात कधी जायचं?"

मी चाटच पडले. कुठले तुम्ही, विचारलं. म्हणे राहतो पनामात, जन्म इथला. नाव मनासे कोहेन बेलमोंते. आता हे आडनाव आमच्यात कोणाला ठाऊक नाही? शार्लो पेठेतला तो हिरवा बंगला त्यांचाच, आज तिथे वकिलाचं ऑफिस आहे. त्याचे वडील शोन दाविद, शोन म्हणजे आमच्याकडे मालक, साहेब, रस्त्यानं निघाले की भल्याभल्यांची बोबडी वळायची, असं माझी आई सांगायची. त्या घरातलं माणूस मात्र इथे कोणी उरलं नव्हतं.

व्हॅनमध्येही त्याला चैन नव्हतं. खिडकी उघडायचा, बंद करायचा, हॅट या गुडघ्यावरून त्या गुडघ्यावर. नॉर्बर्ट मला आरशातून खुणा करत होता, याला उलटी तर होत नाही ना म्हणून.

आमचं जुनं कबरस्तान तेलाच्या कारखान्याला अगदी खेटून आहे. कारखाना आता थंड पडलाय, पण जायचं ते गेलंच. तीन पिढ्या त्या धुरानं दगड चाटून काढले. आडवे संगमरवरी दगड, त्यावर नाव, कुळ, कोणाची मुलगी, कोणाची बायको, सगळं नीट कोरलेलं होतं. आज बहुतेकांवर बोट फिरवलं तर पीठ लागतं.

फाटकापाशी सगळे उतरून आत गेले, हा बाहेरच. मी ओरडले, शोन मनासे, चला, वेळ नाहीये. त्यानं नुसते दोन्ही हात वर करून दाखवले. मी कपाळावर हात मारला. कोहेन. पुरोहिताचं कुळ, मेलेल्यांच्या जवळ फिरकायचं नाही. आमच्याकडे हल्ली कोण पाळतंय ते? आमचे दाताचे डॉक्टर कोहेनच आहेत, दर वर्षी खुशाल आत येऊन बापाच्या दगडावर खडा ठेवून जातात. पण हा पनामाच्या कडक मंडळींतला निघाला. म्हटलं बरं, राहा उन्हात. नॉर्बर्टला सांगितलं, याला सावलीत बसव आणि पाणी दे.

आत मी रोजचं रामायण उरकलं. दोनच दगड मी नेमानं दाखवते, कारण त्यांच्यावरचं कोरीव काम अजून शाबूत आहे. एकावर कोहेनचे हात आहेत. दोन तळवे, अंगठ्याला अंगठा लागलेला, बोटं दोन-दोनांत फाकलेली, आशीर्वाद देतात तसे. दुसऱ्यावर तोडलेलं झाड. ढगातून एक हात येतो, त्या हातात कुऱ्हाड आणि खाली अर्धं तुटलेलं खोड. जो ऐन उमेदीत गेला त्याच्या दगडावर आमच्याकडे हे कोरायचे. झाडं ढिगानं आहेत, हात थोडेच.

फोटो काढायला सगळ्यांना मोकळं सोडलं, तेव्हा म्हातारा भिंतीच्या पलीकडून मला हाक मारत होता. भिंत कमरेएवढीच आहे. तो तिकडे, मी इकडे, आणि नॉर्बर्ट त्याच्या शेजारी थर्मास घेऊन उभा. तिथे उभ्याउभ्या त्यानं मला सगळं सांगितलं, भराभर, कोणी मागे लागल्यासारखं.

त्याला एक मोठी बहीण होती, ग्रासिया. तिनं पलीकडच्या ओत्रोबांदातल्या एका कॅथलिक कारकुनाशी लग्न केलं. बापानं घरात तिचं नाव घ्यायची बंदी केली. वर्षाच्या आत बाळंतपणात ती गेली, मूलही गेलं. आई बापाच्या पाया पडली म्हणून तिला इथे, आजीच्या शेजारी जागा मिळाली. मग आईनं आणखी एक मागणं मागितलं. दगडावर कोहेनचे हात कोरा, म्हणजे जगाला कळेल की ती तुमचीच मुलगी होती. बाप म्हणाला, बघू. दगड परदेशातून यायचा होता, त्याला वेळ होता. आईला त्या घरात श्वास घेववेना. ती मनासेला घेऊन पनामाला भावाकडे गेली ती कायमची. दगड तिनं पाहिलाच नाही. मरताना मुलाला म्हणाली, जाऊन बघ, त्यानं हात कोरले का. तेव्हापासून तो येतो येतो म्हणत होता.

"आईला मला सांगायचंय," तो म्हणाला. "माझीही वेळ जवळ आलीय. गेल्यावर ती पहिलं हेच विचारील."

मी विचारलं, बहिणीला मूठमाती द्यायला तरी आला होतात का? त्यानं मान हलवली. कोहेनला आईबापासाठी चालतं, बिनलग्नाच्या बहिणीसाठी चालतं. लग्न झालेल्या बहिणीसाठी नाही. वडिलांनी नियम दाखवला, तो घरी बसला.

माझं डोकंच फिरलं. "थांबा. ते लग्न तुम्ही मानलं होतंत का?"

"नाही. धर्मात बसतच नव्हतं ते."

"मग ती बिनलग्नाचीच की. जिवंत होती तोवर लग्न खोटं, आणि मातीला जायची वेळ आली तेव्हा बरं लग्न खरं झालं. सोयीचा आहे हो तुमचा धर्म."

बोलून गेले आणि जीभ चावली. नॉर्बर्ट उगाचच थर्मासचं झाकण फिरवत बसला. म्हातारा चिडला असता तर बरं झालं असतं. तो म्हणाला, "जन्मभर मी मनात हेच घोकतोय, पोरी. मोठ्यानं बोललीस ती तू पहिली." मग खिशातून एक काळा गुळगुळीत खडा काढून त्यानं माझ्या हातावर ठेवला. म्हणाला, तिच्यावर ठेव आणि बघून ये.

त्यानं सांगितलेला कोपरा कारखान्याच्या बाजूचा. तिकडे मी कोणाला नेत नाही, निवडुंग माजलाय आणि साप असल्याचं बोलतात. गुडघ्याला शिव्या देत गेले. त्यांच्या आजीचा दगड लगेच सापडला, काळा टणक दगड, नाव वाचता येत होतं. शेजारचा संगमरवर मात्र न्हाणीतल्या झिजलेल्या साबणासारखा. अक्षर म्हणून एक नाही. वरच्या अंगाला काहीतरी फुगवटा तेवढा होता. मोबाइलवर फोटो काढला, त्यात काय दिसतंय डोंबल? नुसतं पांढरं फटक. तसंही म्हाताऱ्याच्या मोतीबिंदू झालेल्या डोळ्यांना मोबाइल काय दाखवणार? मग मी बाटलीतलं पाणी दगडावर ओतलं आणि तळहात फिरवला.

बोटं लागली. खरंच बोटं, एकाला एक लागून, झिजलेली पण बोटंच. मी उठले आणि तिथूनच ओरडले, "हात आहे, शोन मनासे! बोटं आहेत!"

लांबून मला दिसलं, म्हाताऱ्यानं नॉर्बर्टची बाही धरली आणि तो भिंतीवर वाकला. मला रडूच आलं, खोटं कशाला बोलू. खडा ठेवायला मी परत खाली बसले. पाणी ओघळून खाली गेलं होतं, आणि ओल्या दगडात आता बाकीचंही उठलं होतं. बोटं सरळ नव्हती. मिटलेली होती. मुठीतून एक दांडा खाली येत होता, दांड्याला पातं होतं, त्याच्या खाली खोड. मी दुसरा हात शोधला. वर, बाजूला, सगळा दगड चाचपला. नव्हता.

झाड होतं ते. सगळ्यांना देतात ते झाड. शोन दाविदनं मुलीला कोहेनचे हात दिले नव्हते.

व्हॅनचा हॉर्न वाजला. आमच्या पाहुण्यांपैकी कोणीतरी आत चढून बसलं होतं आणि उकाड्यानं वैतागलं होतं. मला त्या हॉर्नचा राग आला, धुराचा आला, त्या मेलेल्या बापाचा आला, आणि सगळ्यात जास्त माझ्या जिभेचा. आधी नीट बघायचं आणि मग तोंड उघडायचं, एवढं साधं मला या वयात जमू नये? पाण्यावर माती टाकावी आणि पळून जावं असं वाटलं. खडा त्या मुठीवर ठेवला आणि निघाले. भिंतीपर्यंत जाईस्तोवर सांगायचं ठरवलं होतं, मग नाही सांगायचं ठरवलं, मग परत सांगायचं.

म्हातारा भिंतीपाशी पाय बदलत उभा होता. डोळे पुसून लाल झालेले.

"अंगठे?" त्यानं विचारलं. "अंगठे एकमेकांना लागलेत ना?"

मी त्याच्याकडे बघितलं. म्हटलं, "एकच हात आहे."

"आणि दुसरा?"

"धुरानं खाल्ला असेल."

तो माझ्या ओल्या, पांढरं पीठ लागलेल्या हाताकडे कितीतरी वेळ बघत राहिला. त्याला कळलं असं मला वाटलं. मग तो हळूच हसला.

"नाही पोरी. धुराला नावं ठेवू नकोस. आमचे बाबा अर्धंच द्यायचे. सणाला केक कापला तरी प्रत्येकाला अर्धा तुकडा, उरलेला कपाटात. आईला म्हणाले असतील, घे, एक हात दिला." त्यानं नाक पुसलं. "चालेल. अर्धं का होईना, दिलं."

मग त्यानं खिशातून प्रार्थनेची शाल काढून डोक्यावर ओढली, दोन्ही हात पुढे केले, अंगठ्याला अंगठा लावला, बोटं फाकली आणि भिंतीबाहेरूनच त्या कोपऱ्याकडे तोंड करून आशीर्वाद म्हटला. आवाज अजिबात कापला नाही. नॉर्बर्टनं टोपी काढली. व्हॅनमधला हॉर्नही थांबला. मी फाटकाजवळच्या नळावर हात धुतले, आमच्यात धुतातच, पण पीठ नखांतून निघेना.

परतीच्या वाटेवर तो गाढ झोपला. बंदरावर उतरताना त्यानं माझ्या डोक्यावर हात ठेवला. तो गेल्यावर नॉर्बर्ट म्हणाला, "बाई, तुमचं तोंड उतरलंय." मी त्याला सगळं सांगितलं. कुऱ्हाडीचंही. तो म्हणाला, वरती आईनं विचारलं तर म्हातारा काय सांगणार? एक हात म्हणणार. मग त्यात खोटं काय आहे, बाई? मी म्हटलं, तू गाडी चालव.

तेव्हापासून माझं चित्त थाऱ्यावर नाही. वाळूचं उत्तर देताना अडखळते, कोहेनच्या हातांचा दगड दाखवते आणि झाडाचा वगळून पुढे जाते. गेल्या आठवड्यात मात्र पाय आपोआप त्या कोपऱ्याकडे वळले आणि अख्खा घोळका माझ्या मागे निवडुंगात शिरला. खडा होता तिथेच होता. कोणी काही विचारण्याआधी मी दगडावर पाणी ओतलं. रॉटरडॅमची एक शाळामास्तरीण वाकून बघायला लागली. म्हणाली, अक्षरं गेलीत, पण हा हात दिसतोय, नाही का? मी म्हटलं, हो, हात आहे.

"कोणाचा?"

नॉर्बर्ट मागे उभा होता. तो माझ्याकडे बघायला लागला.

"बापाचा," मी म्हटलं.