प्याद्याची मात

अनंतरावांच्या पायाला भिंगरी आहे, असं त्यांची बायको सुमंगलाच म्हणायची. बायकोच म्हणायला लागल्यावर सेलू गावानं तरी मागं का राहावं? जिनिंगमध्ये येणाऱ्या कापसाच्या गाड्यांची वजनं लिहून घ्यायची, ही त्यांची नोकरी. चार ओळी लिहिल्या की हा माणूस उठलाच. कधी पाणी प्यायला, कधी उगाच फाटकापर्यंत. बुद्धिबळाचा पट मांडला तरी तेच. चाल खेळायची, ओट्यावरून उतरायचं, समोरच्या लिंबाला हात लावून यायचं आणि उभ्या उभ्याच पुढची चाल करायची. समोर बसलेला बिचारा विचार करून करून घामाघूम व्हायचा आणि वर हरायचा.

हा खेळ त्यांना शिकवला गोविंदरावांनी. गोविंदराव परभणीला जहागीरदारांच्या कोठीवर खेळाडू म्हणून पदरी राहिलेले. थोरल्या सरकारांच्या पंगतीला बसून तूपरोटी खाल्लेला माणूस. पुढं काय बिनसलं ते त्यांनी कधी कुणाला सांगितलं नाही. एक दिवस काखेत गुंडाळलेला पट घेऊन सेलूला उतरले, दूरच्या नात्यानं अनंतरावांच्या पडवीत टेकले, ते टेकलेच. सुमंगला त्यांना सासऱ्यासारखं ताट वाढायची आणि ते जेवता जेवता अनंतरावांना शिकवायचे.

"वजिरानं कुणीबी मात करतंय रे अनंता. हत्तीनं तर आंधळासुद्धा करील. प्याद्यानं करशील तवा तुला खेळाडू म्हणेन."

जुन्या देशी खेळात प्याद्यानं मात करण्याचा मान सगळ्यात मोठा, हे खरंच. पण गोविंदरावांचा त्यापायी हट्ट असा, की एकदा अनंतरावांनी घाईत हत्तीनं डाव संपवला, तर म्हाताऱ्यानं अख्खा पट उधळून दिला आणि त्या दिवशी जेवले नाहीत. तेव्हापासून अनंतरावांचा हात हत्तीकडं जायचाच विसरला.

थोरले सरकार वारले आणि त्यांचे चिरंजीव आबासाहेब हैदराबादेहून परत आले. येताना विलायती पद्धतीचा खेळ शिकून आले होते. त्यांनी जिल्ह्यात निरोप धाडले: कोठीवर सामने होतील, जो जिंकेल तो पदरी राहील, हैदराबादेत मोठ्यामोठ्यांशी खेळेल. निरोप ऐकला आणि अनंतरावांची झोपच उडाली. आयुष्यभर कापसाची वजनं लिहिणारा माणूस हा! त्यांना नुसतं जायचं नव्हतं, सुटायचं होतं. इतकं, की परभणीला निघायच्या आदल्या दिवशी जिनिंगचे मालक किशनराव कशावरून तरी खेकसले, तेव्हा यांनी टाक आपटला आणि म्हणाले, "तुमची वजनं आता तुमीच लिवा."

सुमंगलानं हे ऐकलं आणि कपाळाला हात लावला. "आहो, बाजारात तुरी आन् तुमी कुणाला मारायलाव?"

"परत येतो ते हैदराबादला जायची तयारी करायलाच," अनंतराव म्हणाले. म्हणाले खरे, पण बोलताना ते घरातल्या घरात चार वेळा दारापर्यंत जाऊन आले.

विलायती नियम त्यांनी घोकून घोकून पाठ केले. प्यादं पहिल्यांदा दोन घरं जातं. देशी खेळात राजा एकदा घोड्यासारखी उडी मारतो, ती इथं मारायची नाही. सेलूच्या ओट्यावर सगळी तालीम झाली. जे ओट्यावर कधी अडलंच नव्हतं, ते मात्र कुणाला घोकायचं सुचलं नाही.

कोठीवर पहिलीच अडचण निघाली ती खुर्चीची. खेळ सुरू झाला की उठायचं नाही, आबासाहेबांनी सांगून टाकलं. बघ्यांनी तोंडातून अक्षर काढायचं नाही. अनंतरावांना ही शांतता सोसेना. ओट्यावर कसं, "आरं घोडा बघ, घोडा!" म्हणून चौघं ओरडायची आणि त्या गलक्यात यांचं डोकं चालायचं. इथं नुसतं घड्याळ टिकटिकायलेलं. टेबलाखाली त्यांचा गुडघा हलायचा, इतका की सोंगट्या थरथरायच्या. तरीही ते जिंकत गेले. एक डाव तेवढा बरोबरीत सुटला.

शेवटचा डाव पडला जिंतूरच्या बन्सीधरशी. बन्सीधर थंड डोक्याचा, पान चघळत खेळणारा. तो आतापर्यंतचे सगळे डाव जिंकून आला होता. म्हणजे त्याला बरोबरी पुरे होती, आणि अनंतरावांना जिंकल्यावाचून गत्यंतर नव्हतं. भिंतीशी गोविंदराव काठीवर हनुवटी टेकून बसले होते. ज्या दिवाणखान्यात त्यांची उमेदीची वर्षं गेली, तिथं ते इतक्या वर्षांनी पहिल्यांदाच आले होते.

दुपार कलली तेव्हा बन्सीधरचं पान चघळणं थांबलं. त्याचा राजा कोपऱ्यात सापडला होता. राजाखेरीज त्याच्याकडं एकच प्यादं उरलं होतं, तेही अनंतरावांच्या प्याद्यासमोर अडून बसलं होतं. अनंतरावांनी हत्ती शेवटच्या पट्टीत नेला की मात. एकच चाल. आबासाहेबांच्या ते लक्षात आलं, ते खुर्चीत पुढं सरकले. बघ्यांच्या लक्षात आलं. अनंतरावांच्याही आलंच होतं.

पण त्यांना आणखी एक दिसत होतं. आता एक प्यादं एक घर सरकवलं, तर पुढच्या चालीला दुसऱ्या प्याद्यानं मात होत होती. या दिवाणखान्यात, म्हाताऱ्याच्या डोळ्यांदेखत, प्याद्याची मात! गुडघा थांबला. सगळ्या अंगातली चुळबुळ जणू बोटांत उतरली. त्यांनी प्यादं सरकवलं.

बन्सीधरनं पटाकडं पाहिलं. मग हात मांडीवर ठेवले आणि सावकाश हसला. "मला चालच न्हाई, सरकार."

खरंच नव्हती. राजाला शह नव्हता, पण सरकायला घरही नव्हतं. ओट्यावर असं झालं की रीत ठरलेली: समोरच्याला कोंडणारी चाल चालत नाही, "घ्या मागं, दुसरी खेळा." अनंतरावांनी सवयीनं प्यादं मागं घ्यायला हात पुढं केला.

"राहू द्या," आबासाहेब म्हणाले. "विलायती खेळात याला बरोबरी म्हणतात."

जिंकणाऱ्याचा मानाचा शेला बन्सीधरच्या खांद्यावर पडला. अनंतरावांनी भिंतीकडं पाहिलं. सगळं गेलं तरी एक आशा होती, की म्हातारा तरी मान डोलावेल. आपण कशाच्या मागं गेलो होतो, हे त्याला तरी कळलं असेल. गोविंदराव काठीचा आधार घेऊन उठले. चेहरा राखेसारखा झालेला.

"हत्ती होता की रे," ते म्हणाले.

स्टेशनावर सेलूची गाडी यायला अवकाश होता. अनंतराव फलाटाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत येरझारा घालायलेले. अखेर म्हाताऱ्यासमोर येऊन ते फुटले. "तुमच्यासाठी केलं मी! तुमीच शिकवलं ना? हत्तीनं मात केली म्हणून तुमी जेवला नव्हता!"

"बस खाली."

"नाही बसत."

"मग उभ्यानं ऐक. प्याद्याची मात माझी हौस नव्हती. थोरल्या सरकारांचा हुकूम होता. पाहुणे जमायचे, आन् त्यांना तमाशा पायजे असायचा. साधी मात झाली की तोंड वाकडं करायचे. एक दिवस समोर हत्तीची मात होती. मी हुकुमापायी प्याद्याच्या मागं गेलो आन् हरलो. पाहुण्यांसमोर सरकारांची मान खाली गेली. दुसऱ्या दिवशी माझं बोचकं फाटकाबाहेर."

अनंतरावांनी विचारलं, "मग मला काहून शिकवलं तेच?"

गोविंदरावांनी धोतराच्या सोग्यानं डोळे पुसले. "दुसरं काय व्हतं रे माझ्याजवळ? सारी उमर कुणाच्या तरी करमणुकीत घालवली, असं सांगू का लोकांला? त्याला इद्या म्हणालो. म्हणता म्हणता मलाच खरं वाटाया लागलं."

त्यांनी काखेतला पट बाकावर पसरला आणि कोठीवरचा तोच डाव मांडला, एकही सोंगटी न चुकता. "कर मात."

अनंतराव वाकले. सगळं ठाऊक होतं, सगळं आत्ताच कानांनी ऐकलं होतं, तरी त्यांचा हात प्याद्याकडंच गेला.

म्हाताऱ्यानं मनगट धरलं. धरून तो हात हत्तीवर नेला, हत्ती शेवटच्या पट्टीत सरकवला आणि बराच वेळ मनगट सोडलंच नाही. अनंतराव हळूच त्यांच्या शेजारी बाकावर टेकले.

गाडीची घंटा झाली. गोविंदराव सोंगट्या गोळा करायला लागले.

"उद्या किशनरावकडं जाऊ," ते म्हणाले. "तू बोलू नको. हात मी जोडतो."